‘जगातला पहिला ममी भयपट’ म्हणून शेअर होणाऱ्या सिनेमात ममीच नाहीये, मग त्यात भीती कशाची आहे?

काळीपांढरी क्लिप. इजिप्तमधलं एक जुनं थडगं. कोट घातलेला एक युरोपियन माणूस आत येतो. समोर ममीचा म्हणून दाखवलेला एक चेहरा आहे, एकदम निश्चल. आणि मग त्या चेहऱ्यातले डोळे उघडतात.

खाली कॅप्शन: ‘1918 चा सिनेमा, मेलेली ममी जिवंत होते, एकट्याने बघू नका.’

जुन्या सिनेमांचे रील्स बघत असाल तर ही क्लिप किंवा हिच्यासारखी एखादी तुमच्या फीडमध्ये येऊन गेली असेल. सिनेमा खरा आहे, साल पण खरं आहे. पण ‘मेलेली ममी जिवंत होते’ हे साफ चूक आहे. या सिनेमात कुठलीही ममी जिवंत होत नाही, कारण मुळात त्यात ममीच नाही. ते डोळे एका जिवंत बाईचे आहेत. तिला एका माणसाने पळवून आणून तिथे कोंडून ठेवलंय.

हे स्पॉयलर नाही. सिनेमा सुरू झाल्यावर थोड्याच वेळात ही गोष्ट उघड होते. उरलेला सिनेमा त्या बाईचं पुढे काय होतं याचा आहे. पण हे समजून घ्यायचं तर आधी एक विचित्र गोष्ट लक्षात घ्यावी लागते. मूकपटांच्या काळात ममी हा घाबरायचा विषय नव्हताच. तो बऱ्यापैकी हसायचा विषय होता.

आधी सिनेमाची गोष्ट

सिनेमाचं जर्मन नाव ‘डी आउगेन डेर मूमी मा’, म्हणजे ‘ममी माचे डोळे’. मा हे तिचं नाव, आपली मा नाही. 3 ऑक्टोबर 1918 ला तो बर्लिनमध्ये पहिल्यांदा दाखवला गेला. पहिलं महायुद्ध संपायला तेव्हा जेमतेम पाच-सहा आठवडे उरले होते.

दिग्दर्शक होता अर्न्स्ट लुबिच, वय 26. बर्लिनमधल्या ज्यू शिंप्याचा मुलगा. तोपर्यंत लोक त्याला विनोदी नट म्हणून आणि विनोदी सिनेमे बनवणारा म्हणून ओळखायचे. गंभीर, मोठा सिनेमा करायचा त्याचा हा पहिलाच प्रयत्न. माची भूमिका केली पोला नेग्री या पोलिश अभिनेत्रीने, आणि खलनायक राडू झाला एमिल यानिंग्ज. या यानिंग्जबद्दल एक क्विझमध्ये उपयोगी पडणारी गोष्ट: 1929 मध्ये ऑस्कर पहिल्यांदा दिले गेले तेव्हा सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार यालाच मिळाला होता.

गोष्ट अशी. वेंडलांड नावाचा एक चित्रकार इजिप्तला जातो. तिथे त्याला कळतं की मा नावाच्या राणीचं एक थडगं आहे आणि ते बघून आलेली माणसं ठीक राहत नाहीत. एक जण तर आजारी पडून सतत त्या डोळ्यांबद्दलच बडबडतोय. आता असं ऐकल्यावर आपण हॉटेलवर परत येऊन झोपलो असतो, पण हिरो जातो. थडग्याची राखण करणारा राडू त्याला आत नेतो. डोळे उघडतात. वेंडलांड घाबरून पळायच्या ऐवजी राडूला भिडतो आणि आतली लपवलेली जागा शोधून काढतो. तिथे मा असते. राडूने तिला कधीतरी पळवून आणलेलं असतं आणि तेव्हापासून तो तिच्याकडून ‘ममीचे डोळे’ व्हायचं काम करून घेत असतो. हा त्याचा धंदा. टुरिस्टना घाबरवायचं आणि पैसे कमवायचे.

वेंडलांड माला युरोपात घेऊन जातो. तिला तिथले कपडे, तिथल्या रीतीभाती शिकवल्या जातात. एका पार्टीत ती नाचते, ते बघून तिला स्टेजवर काम मिळतं, ती प्रसिद्ध होते. इकडे राडू एका जर्मन राजपुत्राचा नोकर बनून त्याच शहरात पोचलेला असतो. वेंडलांडने माचं एक चित्र काढलंय, त्यात पुन्हा तेच डोळे. राडूला ती दिसते. शेवटी मा आणि राडू दोघंही मरतात.

आता हे कॅप्शनमधल्या सिनेमाशी ताडून बघा. ‘राक्षस’ कोण आहे इथे? मेलेलं कुणीच नाही. एक माणूस आहे, त्याने एका बाईला मालमत्ता समजून ठेवलंय, ती सुटल्यावर तो खंड ओलांडून तिच्या मागे येतो आणि ती मेल्याशिवाय त्याचं समाधान होत नाही. आजच्या भाषेत याला स्टॉकर म्हणतात. मी पहिल्यांदा सिनेमा पाहिला तेव्हा थडग्यातल्या सीनला काहीच वाटलं नव्हतं, खरं सांगायचं तर थोडं हसूच आलं. पण थिएटरमध्ये ती नाचताना प्रेक्षकांत तिला राडू दिसतो आणि ती कोसळते, तिथे मी मोबाइल खाली ठेवला.

मग ममी जिवंत व्हायच्या तरी कधी?

व्हायच्या. फक्त वेगळ्या सिनेमांत, आणि वेगळ्याच कारणांसाठी.

सुरुवात बरीच मागे जाते. 1899 मध्ये फ्रान्सच्या जॉर्ज मेलिएसने ‘क्लिओपात्रा’ नावाचा दोनेक मिनिटांचा सिनेमा बनवला. हा तोच मेलिएस, ज्याच्या सिनेमात रॉकेट जाऊन चंद्राच्या डोळ्यात घुसतं. ‘क्लिओपात्रा’मध्ये एक माणूस राणीच्या थडग्यात शिरतो, ममीचे तुकडे करतो, आणि धुरातून राणी प्रकट होते. मेलिएस मुळात स्टेजवरचा जादूगार. त्याच्यासाठी ममी म्हणजे टोपीतून ससा काढण्यासारखा प्रयोग होता. तो सिनेमा आज हरवलेला मानला जातो.

मग येतो 1911 चा ‘द ममी’. अमेरिकेतल्या थॅनहाउझर कंपनीने तो मार्चमध्ये रिलीज केला. जॅक नावाच्या तरुणाला एका प्रोफेसरच्या मुलीशी लग्न करायचंय. प्रोफेसरला इजिप्तचं वेड. होणाऱ्या सासऱ्यावर छाप पाडायला जॅक काय करतो? एक ममी विकत घेतो. पुढे त्या ममीला विजेची जिवंत वायर लागते आणि आतून ताडकन एक इजिप्शियन राजकुमारी उठून बसते. ती थेट जॅकच्या प्रेमात पडते, खरी होणारी बायको रुसते, राजकुमारी चिडून जॅकचीच ममी करायला निघते, आणि शेवटी सगळं मिटतं ते असं: जॅकचं त्याच्या प्रेयसीशी जमतं आणि प्रोफेसर त्या राजकुमारीशी लग्न करतो.

तीन हजार वर्षांच्या बाईशी! दादा कोंडक्यांना हा प्लॉट मिळाला असता तर त्यांनी त्याचं काय केलं असतं, हा विचार माझ्या डोक्यातून जात नाही.

असे सिनेमे एकदोनच नव्हते. 1914 च्या ‘द इजिप्शियन ममी’ या अमेरिकन कॉमेडीत तर एका भटक्या माणसालाच बँडेज गुंडाळून ममी म्हणून प्रोफेसरला विकतात. 1918 मध्ये, म्हणजे लुबिचच्या सिनेमाच्याच वर्षी, ‘मर्सी, द ममी मम्बल्ड’ नावाचा कृष्णवर्णीय कलाकारांचा एक विनोदी सिनेमा आला. त्यातही ममी म्हणजे ममीचं सोंगच.

त्या काळच्या प्रेक्षकाचा अंदाज यावरून बांधता येतो. ममी ही एकतर सुंदर राजकुमारी असायची किंवा मग फसवणूक. हात पुढे करून, पाय ओढत, बँडेज लोंबवत चालणारी ममी, जी आज आपण इमोजीसारखी ओळखतो, ती मूकपटांत सापडत नाही. ती यायला अजून बराच वेळ होता.

विजेची वायरच का लागली?

1911 च्या सिनेमात मंत्रतंत्र नाही, वीज आहे. यामागे कारण आहे.

ममी जिवंत करायची कल्पना सिनेमाच्या बरीच आधीची. 1827 मध्ये लंडनमध्ये ‘द ममी!’ नावाची कादंबरी आली. लेखिका जेन वेब, जी लग्नानंतर जेन लाउडन म्हणून ओळखली गेली. वय तेव्हा साधारण वीस. तिची गोष्ट घडते 2126 मध्ये, आणि तिच्या ममीला जागं करतो विजेचा झटका. 1845 मध्ये एडगर ॲलन पो याने लिहिलेल्या गोष्टीतही ममीला बॅटरीचा शॉक देतात आणि ती उठून उलट त्या विद्वानांचीच खरडपट्टी काढते. विजेने मेलेल्या बेडकाचा पाय हलतो हे तेव्हा नुकतंच दिसलं होतं, ‘फ्रँकेनस्टाइन’ 1818 मध्ये येऊन गेली होती. वीज म्हणजे त्या काळचं एआय समजा, तिने काहीही होऊ शकेल असं लोकांना वाटायचं.

आणि ममी तेव्हा लंडनमध्ये खरंच हाताशी होत्या. 1830 च्या दशकात टॉमस पेटिग्रू नावाचा सर्जन तिकीट लावून लोकांसमोर ममी उलगडायचा. पट्टी काढत काढत आत काय आहे ते दाखवायचं, असा तो कार्यक्रम. लोक नाटकाला जातात तसे जायचे.

पण त्याहून वाईट वापर झाले. ‘ममी’ हा शब्दच बघा. फारसीत ‘मोम’ म्हणजे मेण, तोच हिंदीतल्या मोमबत्तीतला. त्यावरून ‘मोमिया’, म्हणजे डांबरासारखा एक काळा पदार्थ, जो औषध म्हणून वापरला जायचा. इजिप्तमधल्या जपलेल्या प्रेतांवर तसाच काळा थर दिसायचा म्हणून प्रेतांनाच ते नाव पडलं. मग गोंधळ इतका वाढला की युरोपात कित्येक शतकं प्रेतांची भुकटी औषध म्हणून विकली जात होती. लोक ती खात होते.

आणि रंगही बनायचा. ‘ममी ब्राउन’ नावाचा तपकिरी रंग चित्रकार वापरायचे, ज्यात खरोखर ममी दळून घातलेली असायची. एडवर्ड बर्न-जोन्स या इंग्रज चित्रकाराला जेव्हा कळलं की आपण वापरतोय तो रंग खऱ्या माणसांपासून बनलाय, तेव्हा त्याने ती ट्यूब बागेत नेऊन रीतसर पुरली. हे बघायला घरातली मुलंही हजर होती. त्यातला एक भाचा मोठा होऊन लेखक झाला आणि त्याने हा प्रसंग लिहून ठेवला. तो भाचा म्हणजे मुंबईत जन्मलेला रडयार्ड किपलिंग.

1918 च्या सिनेमातला हिरो चित्रकारच असणं हा योगायोग असेल, पण मला तो बोचतो. तो माला थडग्यातून सोडवतो हे बरोबर, पण मग काय करतो? तिचं चित्र काढतो आणि ते चित्र विकलं जातं. राडू तिचे डोळे तिकीट लावून दाखवत होता, युरोपात ती स्वतः तिकीट लावलेल्या स्टेजवर उभी राहते. लुबिचला हे मुद्दाम सुचवायचं होतं की नाही हे सांगणं अवघड आहे. सिनेमा बघताना ते दिसतं मात्र.

इजिप्त बर्लिनमध्ये

या सिनेमातलं एकही दृश्य इजिप्तमध्ये चित्रित झालेलं नाही. 1918 मध्ये जर्मन टीम तिथे जाणं शक्यच नव्हतं, इजिप्त ब्रिटिशांच्या ताब्यात होतं आणि ब्रिटन-जर्मनीचं युद्ध चालू होतं. वाळवंट म्हणून जे दिसतं ती बर्लिनजवळच्या रूडर्सडोर्फची चुनखडीची खाण आहे. बाकीचं स्टुडिओत.

इजिप्शियन नटही नाहीत. यानिंग्जने चेहऱ्याला काळसर रंग फासलाय, डोळे गरागरा फिरवलेत. आज ते बघताना अवघडल्यासारखं होतं आणि व्हायलाच पाहिजे. ‘पूर्वेकडचा’ माणूस म्हणजे रानटी, बायका पळवणारा, सूडाने पेटलेला, आणि ‘पूर्वेकडची’ बाई म्हणजे मोहक, नाचणारी, गोऱ्या माणसाने सोडवायची वाट बघणारी. हा साचा फक्त इजिप्तसाठी नव्हता, आपल्यासाठीही होता. तीनच वर्षांनी, 1921 मध्ये, जर्मनीत ‘दास इंडिशं ग्राबमाल’, म्हणजे ‘भारतीय थडगं’, हा मोठा सिनेमा आला. त्यात कोनराड फाइट हा जर्मन नट सूडाने पेटलेला महाराजा झाला होता आणि त्याचा ‘भारत’ बर्लिनजवळच्याच वोल्टर्सडोर्फमध्ये उभा केला होता. रूडर्सडोर्फच्या अगदी शेजारी. म्हणजे इजिप्त आणि हिंदुस्थान हे तिथे दोन शेजारची गावं होती.

एक गोष्ट मात्र त्या काळाच्या बाजूने सांगायला हवी. युद्धामुळे 1916 पासून जर्मनीत परदेशी सिनेमे आणायला बंदी होती. हॉलिवूड नाही, फ्रेंच सिनेमे नाहीत. घरच्या प्रेक्षकाला दूरदेशी फिरवून आणायचं काम घरच्याच कंपन्यांवर आलं. 1917 च्या डिसेंबरमध्ये लष्कराच्या पुढाकाराने ‘उफा’ ही भलीमोठी फिल्म कंपनी उभी राहिली आणि लुबिच जिथे काम करायचा ती कंपनीही तिच्या छत्राखाली आली. चार वर्षं उपाशी, थंडीत, घरातला कुणी ना कुणी लढाईवर गेलेला, अशा प्रेक्षकाला खजुराची झाडं आणि वाळू दाखवली तर तो खाण ओळखत बसणार नव्हता.

शाप कुठून आला?

‘थडगं बघून आलेली माणसं वाचत नाहीत’ ही कल्पना या 1918 च्या सिनेमात आहे. आता तारखा बघा. तुतनखामुनच्या थडग्याची पहिली पायरी हॉवर्ड कार्टरच्या टीमला सापडली 4 नोव्हेंबर 1922 ला. म्हणजे सिनेमानंतर चार वर्षांनी.

‘तुतनखामुनचा शाप’ आपल्याला माहीत असतो, आणि आपल्याला वाटतं की त्यावरून सिनेमे बनले. उलट झालं. गोष्टी आणि सिनेमांत शाप आधीच तयार होता, तुतनखामुनवर तो नंतर चिकटवला गेला.

कसा, ते मजेशीर आहे, आणि त्यात आमच्या व्यवसायाचा हात आहे. उत्खननाला पैसा देणारे लॉर्ड कार्नार्व्हन यांनी बातमीचे हक्क लंडनच्या ‘द टाइम्स’ला विकले. बाकीच्या पेपरांचे वार्ताहर तिथे उन्हात उभे, पण आतली बातमी मिळायची नाही. अशात 5 एप्रिल 1923 ला कार्नार्व्हन कैरोमध्ये वारले. डास चावला होता, त्या जागी दाढी करताना कापलं, जखम चिघळली, रक्तात विष पसरलं आणि न्यूमोनिया झाला. अँटिबायोटिक्स अजून आली नव्हती, तेव्हा हे असं व्हायचं. पण ज्या पेपरांकडे छापायला काहीच नव्हतं त्यांना आयती हेडलाइन मिळाली: शाप! शेरलॉक होम्सचे लेखक आर्थर कॉनन डॉइल यांनीही यामागे अदृश्य शक्ती असू शकतात असं म्हणून त्यात तेल ओतलं. (डॉइल यांनी स्वतः 1890 च्या दशकात ममीच्या गोष्टी लिहिल्या होत्या, हे विसरू नका.)

शापाचा हिशोबही कुणीतरी केलाय. 2002 मध्ये ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये एक अभ्यास आला. त्या वेळी इजिप्तमध्ये असलेल्या 44 पाश्चात्त्य लोकांची यादी घेतली. त्यातले 25 जण थडग्याच्या किंवा ममीच्या उघडण्याशी थेट संबंधित. त्यांचं मृत्यूच्या वेळचं सरासरी वय 70, बाकीच्यांचं 75, आणि वयं वगैरे लक्षात घेतली तर यात शाप सिद्ध होईल असा फरक नाही. स्वतः कार्टर, ज्याला शाप सगळ्यात आधी लागायला हवा होता, तो 1939 पर्यंत जगला.

आणि मग खरी भीती आली

1932 मध्ये हॉलिवूडच्या युनिव्हर्सल स्टुडिओने ‘द ममी’ काढला. हा बोलपट. लेखक जॉन बाल्डरस्टन आधी पत्रकार होता आणि त्याने तुतनखामुनच्या बातम्या दिल्या होत्या. इम्होटेप झाला बोरिस कार्लोफ. आणि दिग्दर्शक? कार्ल फ्रॉइंड. बर्लिनचा कॅमेरामन, मूकपटांच्या काळातला अव्वल. ‘मेट्रोपोलिस’वर त्याने काम केलंय. 1924 च्या ‘डेर लेत्स्ते मान’मध्ये त्याने ज्या नटाला टिपलं तो होता आपला राडू, म्हणजे एमिल यानिंग्ज.

फ्रॉइंडने ममी कशी जागी केली ते बघा. संगीत बंद. एक तरुण टेबलावर वाकून जुनी गुंडाळी वाचतोय. मागे पेटीत ममी. तिच्या पापण्या किंचित उघडतात. चिकटलेले हात हळूच सुटतात. मग टेबलावर फक्त एक हात येतो. तरुण बघतो आणि वेड्यासारखा हसत सुटतो. ममी चालताना दिसतच नाही, दिसतात ती दारातून बाहेर सरपटत जाणारी बँडेजची टोकं. बँडेजमधला कार्लोफ सिनेमात तेवढाच, त्यानंतर तो माणसासारखा, फेज टोपी घालून वावरतो. या काही मिनिटांच्या मेकअपला मात्र जॅक पिअर्सला आठेक तास लागले होते.

बोलपटातला हा सीन एखाद्या मूकपटासारखा आहे. पुन्हा डोळेच. लुबिचचा सिनेमा फ्रॉइंडच्या डोक्यात होता असा माझा दावा नाही. पण ज्या बर्लिनमध्ये आवाजाशिवाय, फक्त चेहऱ्यातून गोष्ट सांगायची सवय लागली, तिथूनच दोघं आले.

आणि ती पाय ओढत चालणारी बँडेजवाली ममी? ती 1940 च्या ‘द ममीज हँड’पासून रुळली. आपल्या पिढीला 1999 चा ब्रेंडन फ्रेझरवाला सिनेमा आठवतो, तो नंतरचा.

1911 ची राजकुमारी कुठे गेली?

‘द ममी’, तो लग्नाने संपणारा, आज कुणालाच बघता येत नाही. हरवलाय. आपल्याला गोष्ट माहीत आहे ती तेव्हाच्या जाहिराती आणि सिनेमाच्या मासिकांत छापलेल्या कथेमुळे.

त्या काळची फिल्म नायट्रेटची असायची. रसायनाच्या दृष्टीने ती स्फोटकाची बहीण. एकदा पेटली की पाण्याखालीही जळते, कारण तिला लागणारा ऑक्सिजन तिच्यातच असतो. नाही जळली तर सडते, चिकट होते, शेवटी भुकटी. शिवाय सिनेमा एकदा चालून गेला की तो जपायचा असतो हेच कुणाला वाटत नव्हतं. फिल्ममधली चांदी काढून विकायचे. थॅनहाउझरच्या स्टुडिओला 1913 मध्ये आगही लागली होती. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या 2013 च्या अहवालानुसार 1912 ते 1929 मधल्या जवळपास 11 हजार अमेरिकन मूक फीचर फिल्म्सपैकी फक्त 14 टक्के मूळ स्वरूपात शिल्लक आहेत.

आपली स्थिती याहून वाईट. भारतात हजाराहून जास्त मूकपट बनले, पूर्ण उरलेले बोटांवर मोजण्याइतके. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’चंही जे उरलंय ते अर्धंमुर्धं, तेही पुण्याच्या फिल्म अर्काइव्हचे पी. के. नायर वर्षानुवर्षं डबे शोधत फिरले म्हणून. आणि त्याच पुण्यात जानेवारी 2003 मध्ये नायट्रेट फिल्म्स ठेवलेल्या जागेला आग लागून खूप काही गेलं. तीन हजार वर्षांची प्रेतं टिकली आणि शंभर वर्षांचे सिनेमे टिकले नाहीत.

टिकलेली ती प्रेतं आपल्याकडेही आहेत. बडोदा, हैदराबाद, जयपूर, कोलकाता इथल्या संग्रहालयांत. ऑगस्ट 2020 मध्ये जयपूरला ढगफुटीसारखा पाऊस झाला आणि अल्बर्ट हॉलमध्ये पाणी शिरलं, तेव्हा तिथल्या कर्मचाऱ्यांनी काच फोडून ममी बाहेर काढली. पेटीतून ममीला भारतीय माणसांनी पाण्यापासून वाचवलं, हा सीन कुठल्याच सिनेमात नाही.

इजिप्तने स्वतः ममीचा सिनेमा काढला तेव्हा

शादी अब्देल सलाम या इजिप्शियन दिग्दर्शकाचा 1969 चा ‘अल मूमिया’. हा मूकपट नाही, पण एकही ममी यात डोळे उघडत नाही. 1881 च्या खऱ्या घटनेवर तो बेतलाय. एका डोंगराळ टोळीला राजांच्या ममींचा गुप्त साठा माहीत असतो, त्यातल्या वस्तू विकून त्यांचं घर चालतं. बाप मेल्यावर मुलाला हे गुपित कळतं आणि आपण ज्यावर जगलो ते काय आहे या विचाराने तो पोखरला जातो. त्या साठ्यात दुसऱ्या रामसेसची ममी होती.

तीच ममी 3 एप्रिल 2021 ला कैरोच्या रस्त्यांवरून मिरवत गेली. 22 राजा-राण्यांच्या ममी सोनेरी सजवलेल्या गाड्यांमधून नव्या संग्रहालयात नेल्या. टीव्हीवर लाइव्ह होतं, तोफांची सलामी होती. गंमत म्हणजे त्याच्या आधीचे काही दिवस ट्विटरवर पुन्हा शाप फिरत होता, कारण सुएझ कालव्यात ‘एव्हर गिव्हन’ जहाज नुकतंच अडकलं होतं. ते जहाज मिरवणुकीच्या पाच दिवस आधीच सुटलं होतं.

बघायचा असेल तर

‘ममी माचे डोळे’ वाचलाय. साधारण तासाभराचा आहे आणि यूट्यूबवर मिळतो. वेगवेगळ्या प्रतींवरचं संगीत नंतर कुणीतरी जोडलेलं आहे, त्यामुळे कर्कश वाटलं तर खुशाल म्यूट करा. माणसं फारच भराभर चालताना दिसली तर तो यानिंग्जचा दोष नाही. तेव्हा कॅमेरा हाताने फिरवायचे, सेकंदाला आजच्यापेक्षा कमी चित्रं यायची, आणि आजच्या वेगाने चालवलं की सगळे धावतात. प्लेबॅक स्पीड 0.75 करून बघा, बराच फरक पडतो. थडग्याचा सीन सुरुवातीलाच येतो. तिथे थांबू नका, पोला नेग्री स्टेजवर येईपर्यंत बघा.